हरवले-सापडले खिडकीची सतरा गाणी

कॅसेट पुसली गेली आहे हे मला रविवारी सकाळी साडेदहाला कळलं. ती पुसणारा मीच आहे हे त्यानंतर दोन मिनिटांनी कळलं. मधल्या दोन मिनिटांत मी जिन्यातल्या मांजरावर, विजेच्या दाबावर आणि कॅसेट बनवणाऱ्या कारखान्यावर संशय घेऊन मोकळा झालो होतो.

झालं असं, की लेकीचा फोन आला. ती परगावी असते आणि दर रविवारी पावणेदहाला, मी जेवलो का, हे विचारते. त्या दिवशी म्हणाली, "बाबा, आईची गाणी लावा ना. फोन टेपजवळ धरा, मी ऐकते."

एका हातात फोन होता. उरलेल्या हाताने मी टेपची बटणं दाबली. आमचा टेप जुना आहे. गाणं ऐकायचं तर एक बटण दाबायचं, गाणं भरायचं तर ते आणि त्याच्या शेजारचं लाल अशी दोन एकदम दाबायची. मी पंजा टेकवला. बत्तीस वर्षं मी घरोघरचे विजेचे मीटर तपासले आहेत, यंत्र म्हणजे काय ते मला कळतं, असं मी चारचौघांत सांगत आलो आहे. आता सांगत नाही.

"काही ऐकू येत नाही, बाबा."

"अगं, सुरुवातीला कोरी पट्टी असते. धीर धर."

तिने धीर धरला. मग तिच्या घरचा नळ गळत होता त्यावर बोलणं निघालं. मग हल्ली लोक वस्तू कशा नीट सांभाळत नाहीत यावर मी बोललो. चव्वेचाळीस मिनिटं. फोन ठेवला तेव्हा टेपवरचा लाल दिवा लागलेला होता. पट्टी मागे नेऊन लावली, तर माझाच आवाज आला: "ही कॅसेट म्हणजे आपल्या घरातली सगळ्यात जपलेली वस्तू आहे बरं का."

मी टेप बंद केला आणि त्यावर टॉवेल टाकला.

ही जाऊन तेव्हा आठ महिने झाले होते. ही म्हणजे माझी बायको. बस डेपोत हरवले-सापडलेच्या खिडकीवर सव्वीस वर्षं होती. लोक छत्री विसरत, डबा विसरत, आणि दुसऱ्या दिवशी हिच्यासमोर येऊन उभे राहत. ही त्यांना म्हणायची, "वस्तू मिळेल. अर्ज भरेपर्यंत आपल्या शहराचं एखादं गाणं म्हणा." नियमात असं काही नव्हतं. पण समोर आपली छत्री दिसत असताना नियम कोण विचारतो? कोणी आजीकडून ऐकलेलं म्हणायचं, कोणी कारखान्यातलं, कोणी तिथेच रचायचं. बहुतेक ठीकठाक असायची. त्यातली मनात बसलेली हिने निवडली आणि निवृत्त झाल्यावर स्वयंपाकघरात बसून, भाजी चिरण्याच्या पाटावर ताल धरून, एका कॅसेटवर स्वतःच्या आवाजात भरली. बटणं मी दाबली. गाण्यांना नावं वस्तूंवरून: छत्रीचं, डाव्या बुटाचं, कवळीचं. ही म्हणायची, "सगळ्यांत शहराची तक्रार आहे आणि एकही माणूस शहर सोडून गेलेला नाही."

कॅसेटच्या पुठ्ठ्यावर तिच्या अक्षरात सतरा आकडे होते. आत सोळाच गाणी होती. सतराव्याचं नंतर सांगतो. खरं म्हणजे सांगायचं नव्हतंच.

आमच्या इमारतीत बातमी जिन्यातून खाली जाते आणि वर येताना मोठी होऊन येते. दुपारपर्यंत वरच्या मजल्यावरचे कर्नल हजर झाले. ते सैन्यात कधीच नव्हते, टपाल खात्यात होते. नाव आवाजावरून पडलं आहे.

"मीटरसाहेब, घाबरू नका. कॅसेट रात्रभर फ्रीजमध्ये ठेवा."

"त्याने काय होतं?"

"ते माहीत नाही. पण आमच्या साडूंनी ठेवली होती."

"मग आवाज परत आला?"

"त्यांची चिकटली होती. तुमचं वेगळं आहे. पण ठेवायला काय जातं?"

तळमजल्यावरच्या शिवणवाल्या वहिनी पिना तोंडात धरूनच आल्या. त्या कपडे शिवतात आणि इतरांची आयुष्यंही जरा घट्ट, जरा सैल करून देतात. पिना काढून म्हणाल्या, "भाऊजी, ते फ्रीज वगैरे सोडा. रेडिओवाल्याकडे न्या. आणि आता त्या यंत्राला हात लावू नका."

रेडिओवाल्याच्या दुकानात मी सोडून एकही गिऱ्हाईक नव्हतं. त्याने कॅसेट कानाजवळ नेऊन हलवली, जणू आत कोणी बसलंय. म्हणाला, "भरल्यावर भरलं की खालचं जातं, काका. पण ठेवून जा. सध्या फार गर्दी आहे." मी मागे वळून पाहिलं. दुकानात फक्त पंखा फिरत होता.

मग मला वाटलं, गाणी गेली तर गेली. ज्यांनी ती म्हटली ती माणसं तर आहेत. त्यांना शोधू आणि पुन्हा भरू. सोळा माणसं शोधायची, एवढंच तर काम. हे वाक्य मी कर्नलांसमोर मोठ्याने बोललो, ही माझी दुसरी चूक.

डेपोच्या खिडकीवर आता एक तरुण कारकून बसतो. त्याने मान वर न करता छापील अर्ज पुढे ओढला.

"काय हरवलं?"

"गाणी."

"वस्तू सांगा."

"बरं, कॅसेट."

"कुठल्या बसमध्ये?"

"बसमध्ये नाही. घरी."

"घरी हरवलेलं घरीच शोधायचं, काका."

"तशी हरवलेली नाही. आहे माझीच, दुरुस्तीला दिली आहे."

त्याने पेन खाली ठेवलं. "म्हणजे वस्तू तुमची, ती कुठे आहे ते तुम्हांला माहीत, आणि तुम्ही इथे आलात."

"हो."

"बोला पुढे."

बत्तीस वर्षं मी लोकांच्या दारात उभा राहून त्यांच्या चुका दाखवत आलो. खिडकीच्या या बाजूला उभं राहिल्यावर आपण एवढे मूर्ख का दिसतो, कळत नाही. मी सांगितलं, की ज्या खुर्चीवर तुम्ही बसला आहात तिथे माझी बायको बसायची.

"गाण्यांच्या बाई?" तो उभा राहिला. मला बरं वाटलं. पण उभं राहिल्याने नियम वाकत नाही. जुनं रजिस्टर बाहेरच्यांना दाखवता येत नाही, तो म्हणाला. फक्त ज्याचं नाव त्यात आहे, त्याला आपली नोंद बघता येते.

"माझं नाव आहे," मी म्हणालो. "तीन वेळा."

तो आत गेला आणि धुळीने शिंकत तीन जाड रजिस्टरं घेऊन आला. पहिल्यात, लग्नाच्या आधीच्या वर्षात, हिचं बारीक उभं अक्षर: "टॉर्च, एक, काच तडकलेली. शेरा: गाणं बाकी." दोन महिन्यांनी: "तोच टॉर्च, तोच माणूस. गाणं बाकी." तिसऱ्यांदा: "पुन्हा तोच. बाकी."

मीटर अंधाऱ्या जिन्यात असतात, म्हणून टॉर्च लागायचा, आणि मी तो बसमध्ये विसरायचो. तिसऱ्या वेळी मुद्दाम विसरलो होतो. पण गाणं म्हटलं नाही. सरकारी नोकर खिडकीसमोर गातो, हे शोभतं का? पुढे लग्न झालं. ही अधूनमधून आठवण करायची, मी अधूनमधून पेपर उघडायचो.

"हे टॉर्चवाले कोण?" कारकुनाने विचारलं. पान त्याच्याकडे उलटं होतं.

"आहेत एक."

बाकीची पानं त्यानेच चाळली. निवडलेल्या सोळा नोंदींपुढे हिने "गाणं घेतलं" आणि क्रमांक लिहिला होता. पत्ते होते, पण पत्ते मला देता येत नव्हते. पत्र मात्र डेपो पाठवू शकत होता. ज्यांच्या शेऱ्यात गाणं आहे त्या सगळ्यांना. छापील नमुन्यात. नमुना असा: "आपल्या हरवलेल्या वस्तूसंबंधी खालील पत्त्यावर समक्ष संपर्क साधावा."

"अहो, त्यांना वाटेल वस्तू सापडली."

"मजकूर छापील आहे, काका. पत्ता तेवढा मोकळा आहे. तिथे तुमचा टाकतो."

मी सही केली. तिसरी चूक.

पाचव्या दिवशी सकाळी सात वाजता बेल वाजली. दारात एक गृहस्थ, हातात कागदात गुंडाळलेला उजवा बूट.

"डावा द्या," ते म्हणाले.

नऊ वर्षं त्यांनी उजवा सांभाळून ठेवला होता. त्या काळात बायकोने किती वेळा टाकायला काढला, आपण किती वेळा परत आणला, हे त्यांनी उंबऱ्यावरच सांगितलं. डावा बूट हिने शोधला होता, सापडला नव्हता, गाणं मात्र घेऊन ठेवलं होतं. मी सगळं समजावलं. ते ऐकत होते आणि माझ्या पायांकडे बघत होते.

त्यांच्या मागून छत्रीच्या बाई आल्या. शाळेत मुख्याध्यापिका होत्या, अजूनही तशाच बोलत होत्या. पहिली छत्री हिने परत दिली होती, पण ती पुन्हा हरवली होती, आणि पत्र दुसरीचंच असणार, असा त्यांचा हिशेब. "मूठ बदकाच्या तोंडाची. कुठे ठेवली आहे?" मी नाही म्हणालो, तर त्यांनी दारामागे पाहिलं. तिथे माझी छत्री होती. ती त्यांनी उघडून, मिटून, नापास करून परत टांगली.

दहा वाजेपर्यंत जिन्यात रांग लागली. पत्रं गेली होती सोळा, माणसं होती पस्तीस. कर्नलांनी खाली फाटकाजवळ उभं राहून माहिती द्यायला सुरुवात केली होती, त्याचा हा परिणाम. कोणाची ट्रंक, कोणाचा चष्मा. एका गृहस्थांचं काहीच हरवलेलं नव्हतं, पण काही मिळत असेल तर बघावं म्हणून आले होते. तिसऱ्या पायरीवरून कोणीतरी म्हणालं, "माणूस दिसतो बरा, पण लोकांच्या वस्तू घरी आणून ठेवतो." आयुष्यात मी एका मीटरचा आकडा कधी खोटा लिहिला नाही. आणि माझ्याच जिन्यात हे ऐकायचं!

तेव्हा माझा आवाज चढला. "ज्यांना वस्तू पाहिजे त्यांनी आधी शहराचं गाणं म्हणा!"

वीस माणसं निघून गेली. बुटाचे गृहस्थ उजवा बूट मांडीवर घेऊन माझ्या स्वयंपाकघरात बसले आणि घसा साफ करून म्हणू लागले:

"पूल आमचा अर्धा झाला, अर्धा उरला बाई,
नदी म्हणते सावकाश रे, मला कुठं घाई."

तेच होतं. तीच चाल. मी टेपकडे हात नेला, तर वहिनींनी माझ्या मनगटावर पट्टी मारली. त्या कधी वर आल्या ते कळलंच नव्हतं. "बटण मी दाबणार. तुम्ही लांब बसा, भाऊजी."

तिथून त्यांनीच ताबा घेतला. नवी कॅसेट आणली, रांगेला क्रमांक दिले, कोण कितव्या दिवशी येणार ते भिंतीवर खडूने लिहिलं. माझ्या भिंतीवर. कर्नलांनी सांस्कृतिक बाजू घेतली, म्हणजे चुका काढल्या.

"पूल पूर्ण होऊन सहा वर्षं झाली. गाण्यात चुकीची माहिती जाते आहे."

"अहो, गाणं आहे ते."

"उद्या कोणी ऐकेल आणि अर्धाच पूल समजून मागे फिरेल. जबाबदार कोण?"

बुटाचे गृहस्थ म्हणाले, "ठीक आहे, 'पूल आमचा पूर्ण झाला' म्हणतो." म्हणून पाहिलं. मग पुढे नदी काय म्हणते तेच कोणाला सुचेना. पंधरा मिनिटं सगळे नदीच्या बाजूने विचार करत होते. शेवटी पूल पुन्हा अर्धा केला.

मुख्याध्यापिकांनी छत्रीचं गाणं उभं राहून म्हटलं. बाजारातल्या मनोऱ्याच्या घड्याळाचं आहे ते:

"चार तोंडांचं घड्याळ आमचं, चार वेळा सांगतं,
हवी ती घ्या अन् घरी जा, कोण कुणाला रागवतं."

कवळीवाल्या आजोबांना त्यांचा नातू रिक्षाने सोडून गेला. यांनी हिच्या खिडकीवर गाणं म्हटलं तेव्हा कवळी हिच्याकडे होती, म्हणजे गाणं बिनदातांचं होतं. आता कवळी तोंडात होती आणि चाल बसेना. तीनदा प्रयत्न केला. मग त्यांनी कवळी काढून माझ्या चहाच्या पेल्यात ठेवली. चहा अर्धा होता. त्यानंतर गाणं असं लागलं, की कर्नलांनाही चूक काढायला शब्द हाती लागला नाही. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, आजोबा खूश होऊन घरी गेले, आणि कवळी पेल्यात राहिली. दुसऱ्या दिवशी ते परत आले, तेव्हा वहिनी दारातच म्हणाल्या, "मिळेल. आधी गाणं म्हणा."

रविवारी लेकीचा फोन आला. "बाबा, जेवलात का?"

"अगं, पावणेदहा वाजलेत. आणि घरात रांग आहे."

"कसली रांग?"

मी सांगितलं. तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली, "नळ दुरुस्त झाला," आणि फोन ठेवला.

तीन आठवड्यांत सोळा गाणी भरून झाली. दोघं वारले होते, त्यांची गाणी एकाच्या मुलीला आणि दुसऱ्याच्या सुनेला येत होती. सुनेने तक्रारीची एक ओळ वाढवून दिली. वहिनींनी पुठ्ठ्यावर नावं लिहिली. सगळे गेल्यावर, दुपारी, मी दार लावून ती कॅसेट पहिल्यापासून शेवटपर्यंत ऐकली. शब्द बरोबर होते. चाली बरोबर होत्या. मागे वहिनींचं "श्श" आणि कर्नलांचं खाकरणंही होतं. पाटावरचा ताल नव्हता. मी तिला नावं ठेवणार नाही. एवढी माणसं आली, घसे साफ केले. पण मी शोधायला निघालो होतो ती गाणी नव्हतीच, हे मला त्या दुपारी कळलं. पस्तीस माणसांना जिन्यात उभं करून मला हे कळलं.

त्याच संध्याकाळी रेडिओवाला स्वतः आला. हातात माझी जुनी कॅसेट.

"सगळी ऐकली, काका. चव्वेचाळीस मिनिटं. लेकीच्या नळाचं पुढे काय झालं?"

"दुरुस्त झाला."

"बरं झालं. वॉशर असणार, मी तेव्हाच म्हटलं." मग म्हणाला, "पट्टी पंचेचाळीस मिनिटांची असते. तुम्ही फोन ठेवलात, त्याच्या पुढचं थोडं जुनं शिल्लक आहे. एक बाई तुमच्यावर ओरडतायत."

मी टेपवरचा टॉवेल काढला. बटण त्यानेच दाबलं. माझा आवाज: "बरं, ठेवतो, काळजी घे." खट्. आणि मग ही.

"...झाली सोळा. आता तुमचं, टॉर्चचं. म्हणा की."

माझा जुना आवाज लांबून: "मला नाही येत."

"येईल तेव्हा म्हणा. जागा ठेवलीय. आता बंद करा. ते नव्हे हो, शेजारचं!"

खट्.

"ओरडत नाहीत," मी म्हणालो. "समजावतायत."

रेडिओवाल्याने टेपची वायर उगाच सरळ केली. मग त्याने कॅसेटची मागची बाजू दाखवली. तिथे प्लॅस्टिकची नखाएवढी पट्टी असते. ती मोडली की त्या कॅसेटवर नवीन काही भरता येत नाही. "आता मोडून टाकलीय. आता कोणी कितीही पंजा टेकवला तरी काही होणार नाही. बाईंनी तेव्हाच मोडली असती तर हा प्रकारच झाला नसता."

ही डेपोतली बाई. हरवणाऱ्या माणसांत सव्वीस वर्षं काढलेली. डब्यांना चिठ्ठ्या लावायची, किल्लीला दोरा बांधायची. ती पट्टी मोडायला विसरली असेल, हे शक्यच नाही. तिने ती ठेवली होती, कारण अजून एक भरायचं होतं. सात वर्षं कॅसेट उघडी राहिली ती माझ्यासाठी, आणि शेवटी मी त्यात नळावर बोललो.

दुसऱ्या दिवशी कर्नल खालच्या पेटीतून माझं टपाल घेऊन वर आले. "मीटरसाहेब, अभिनंदन. तुमचंही काहीतरी सापडलंय म्हणे."

डेपोचं पत्र होतं. ज्यांच्या शेऱ्यात गाणं आहे त्या सगळ्यांना पाठवायचं ठरलं होतं, आणि कारकुनाने मागाहून पान सुलटं करून पाहिलेलं दिसत होतं. पोरगा नियमाने चालणारा आहे. "आपल्या हरवलेल्या वस्तूसंबंधी खालील पत्त्यावर समक्ष संपर्क साधावा." खाली माझ्याच घराचा पत्ता. कर्नलांनी तो दोनदा वाचला आणि त्यांच्या आयुष्यात पहिल्यांदाच सल्ला न देता वर निघून गेले.

मग वहिनी आल्या. नव्या कॅसेटची मागची पट्टी मोडायला त्यांनी कात्री आणली होती. "मोडते हं, भाऊजी. नाहीतर पुन्हा घोळ घालाल."

"राहू द्या," मी म्हणालो.

"का?"

मी कॅसेट टेपमध्ये घातली. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, टेबलावरच्या पत्राकडे पाहिलं, आणि कात्री घेऊन खाली गेल्या. जाताना दार ओढून घेतलं.

नवी कॅसेट टेपमध्येच आहे. कुठली दोन बटणं एकदम दाबायची ते मला आता नीट माहीत आहे. सोळा गाणी भरून झाली. सतरावं बाकी आहे.